फुलांच्या ऑर्डरची बातमी

हिवरखेड, ४ नोव्हेंबर

साधनाताई, नमस्कार.

हे पत्र कॅरेटच्या तळाशी, प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून राहिली. तिकडं अमरावतीले नीलमताईच्या दुकानात फुलं उतरली की तुमाले मिळेल. तुमी उत्तर रिकाम्या कॅरेटात टाका, संध्याकाळच्या एसटीनं अकोटवरून इकडं येते.

गळ्याचं कसं आहे? डॉक्टरनं बोलू नका म्हटलं तर खरंच बोलू नका. तुमचे भाऊ हसून राहिले होते. म्हणे ताईनं शाळेत बाईले बी बोलू दिलं नाही, ती दोन महिने गप्प कशी बसते ते मले पाहाचं आहे.

इकडची मोठी गोष्ट म्हणजे ऑर्डरचा फोन आता माझ्याकडं आहे. इतकी वर्षं मी फुलं तोडली, निवडली, ओवली, पण कोणाले किती द्यायची हे कधी माझ्या तोंडून निघालं नव्हतं. दसऱ्याले यायनं, तुमच्या भावानं, एकाच सकाळचा झेंडू दोघायले कबूल करून ठेवला, लय शिव्या खाल्ल्या, आणि संध्याकाळी फोन माझ्या पुढ्यात ठेवून म्हणाले, "तूच पाह्य आता." तवापासून मी हो म्हटलं तर हो, नाही म्हटलं तर नाही. पहिल्या दिवशी "बोला" म्हणताना आवाजच फुटला नाही. आता लोक म्हणतात, वहिनीनं सांगितलं म्हणजे फुलं येतात.

परवा तर आमदार शेषरावच्या पीएचा, धम्मदीपचा फोन होता. तेविसाव्या तारखेले अकोल्याले झेंडू पाह्यजे, चांगला टपोरा, आणि कोणाले सांगू नका म्हणे. एवढे मोठे लोक आणि माझ्याशी हळू आवाजात बोलून राहिले होते.

तब्येतीले जपा.

तुमची,
मंजुषा


अमरावती, ७ नोव्हेंबर

प्रिय मंजू,

तुझं पत्र उघडलं आणि खोलीभर झेंडूचा वास आला. दोनदा वाचलं. फोन तुझ्या हातात आला हे वाचून मला काय वाटलं, ते बोलता येत असतं तर मी तुला फोन करून ओरडूनच सांगितलं असतं, आणि पुन्हा गळा घालवून बसले असते.

मी गप्प आहे, पण रिकामी नाही. दर शुक्रवारी 'सभागृहाबाहेर' निघतंच. तू मागे एकदा विचारलं होतंस हे नक्की काय असतं. वर्तमानपत्र नव्हे. वर्गणी भरलेल्या लोकांना मी ई-मेलवर चार पानं पाठवते. मंत्रिमंडळानं काय ठरवलं, कुणाची बदली झाली, कोणती फाइल कुणाच्या टेबलावर अडली. वाचणारे तहसीलदार आहेत, प्राध्यापक आहेत, ठेकेदार आहेत. टीव्हीवर आरडाओरडा करून गळा गेला, म्हणून हा बिनआवाजाचा धंदा. डिसेंबरात वर्ष पूर्ण होतं. लोक पुढच्या वर्षाची वर्गणी भरतील की नाही, हीच धास्ती आहे. सगळ्यांना आधी कळलेलं काहीतरी हवं असतं.

शेषरावांच्या ऑर्डरचं वाचून गंमत वाटली. किती झेंडू सांगितला गं? हार मोठा आहे का, क्रेननं उचलतात तसा? तेवीस तारखेला सकाळी हवा की संध्याकाळी? सहज विचारते.

मनोजला म्हणावं, गप्प बसलेली ताई पाहायची असेल तर येऊन जा.

तुझी,
साधना


हिवरखेड, १० नोव्हेंबर

साधनाताई,

तुमी माझ्या कामाचं विचारलं, बरं वाटलं. इकडं कोणी विचारत नाही. फोन वाजला की सासऱ्यापासून सगळे माझ्याकडं पाहतात, पण काय बोलणं झालं ते कोणाले ऐकायचं नसते.

झेंडू चाळीसेक किलो सांगितला. हार नाही, ओवायचाच नाही म्हणे, मोकळी फुलं पाह्यजेत आणि देठ काढलेले. मले नवल वाटलं. थोडी पांढरी शेवंती वरून. सकाळी सातच्या आत अकोल्याले पोचली पाह्यजे. धम्मदीप म्हणाला, साहेबाच्या घरात बी कोणाले माहीत नाही, तुमी आणि मी, बस. मी म्हटलं, माझ्या तोंडून जाणार नाही. तुमचं काय, तुमी तर घरच्याच, आणि सध्या मुक्या.

शेवंतीले यंदा रंग चांगला आला.

मंजुषा


अमरावती, १४ नोव्हेंबर

मंजू,

घाईत लिहिते, कॅरेटं निघाली आहेत. आज अंक गेला. यावेळी पहिल्या पानावर असं काही आहे की सकाळपासून लोकांची उत्तरं येतायत. मंत्रिमंडळाचा विस्तार होणार, असं सगळेच म्हणत होते. कुणाचं नाव, ते मात्र कुणाकडे नव्हतं. तुला वाचायला पाठवीन. नाव कुणाचंच छापलेलं नाही, तुमचं तर नाहीच, तेव्हा काळजी नको.

साधना


हिवरखेड, १९ नोव्हेंबर

साधनाताई,

हे पत्र पोस्टानं पाठवून राहिली. कॅरेटात कागद टाकायचा नाही, असं यायनं सांगितलं.

तुमचा अंक मी वाचला. तुमी पाठवला म्हणून नाही. धम्मदीप सतरा तारखेले घरी आला आणि मोबाईल यायच्या समोर धरला. "तेल्हारा तालुक्यातल्या एका बागेत अकोल्याच्या एका आमदाराच्या स्वागतासाठी फुलांची मोठी मागणी नोंदवण्यात आली असून, त्यांचे मंत्रिपद निश्चित असल्याचे समजते." धम्मदीपनं ऑर्डर एकाच ठिकाणी दिली होती. नाव छापायची काय गरज होती?

तुमची बातमी अकोल्यात सगळ्यायच्या मोबाईलवर फिरली. शेषरावले मुंबईवरून फोन आला की एवढी काय घाई झाली हार घालून घ्यायची. विस्तार बी पुढं ढकलला, तुमाले माहीतच असेल. आणि ती फुलं स्वागताची नव्हतीच, ताई. त्यायच्या आईले पंच्याहत्तर वर्षं पुरी होऊन राहिली. तराजूच्या एका पारड्यात माय बसवायची आणि दुसऱ्यात फुलं. फुलतुला. म्हणून मोकळी, म्हणून किलोवर, म्हणून घरात कोणाले सांगायचं नव्हतं. मी तुमाले सगळं लिहिलं होतं. हार नाही, असं लिहिलं होतं.

ऑर्डर रद्द झाली. फुलं अकोटच्या बाजारात जातील, त्याचं काही नाही. हे ओरडले असते तर बरं झालं असतं. यायनं फक्त फोन माझ्या हातातून घेतला, आपल्या खिशात घातला आणि वावरात गेले. आता फोन वाजला की मी भाकरी थापत राहते.

तुमी पहिल्या पत्रापासून यासाठीच विचारून राहिल्या होत्या काय? एवढं खरं सांगा.

मंजुषा


अमरावती, २२ नोव्हेंबर

मंजू,

खरं सांगते. पहिल्या पत्राला नाही. पहिलं पत्र मी बहिणीसारखं वाचलं. पण उत्तर लिहायला बसले तेव्हा मध्येच पेन थांबलं, आणि त्यापुढच्या तीन प्रश्नांत मी तुझी ताई नव्हते. "सहज विचारते" असं लिहिलं, तिथंच मला कळायला हवं होतं. सहज विचारणारा माणूस तसं सांगत बसत नाही.

तू हार नाही म्हणालीस, ते मी वाचलं होतं. मनात म्हटलं, हार दुसरीकडे ओवणार असतील. चाळीस किलो म्हणालीस, मी म्हटलं हा पहिला हप्ता. मला मंत्री हवा होता म्हणून तुझ्या फुलांत मला मंत्रीच दिसला. इतकी वर्षं या कामात आहे. आपल्याकडे आईची तुला करतात, हे काय मला माहीत नाही? आपल्याच आत्याची पेढ्यांनी केली होती, मी तिथं पारडं धरून उभी होते. राजकारणातला माणूस फुलं घेतो तो आईसाठीही घेऊ शकतो, हे माझ्या डोक्यातच आलं नाही. याचं मला जास्त वाईट वाटतं.

येत्या अंकात मी माफी छापते आहे. तुझं आणि मनोजचं नाव घेऊन लिहिते, की यात या दोघांचा काही दोष नाही. मनोजला मी वेगळं पत्रही लिहीन.

साधना


हिवरखेड, २६ नोव्हेंबर

ताई,

असं काही करू नका. आमचं नाव छापलं तर ज्यायले माहीत नव्हतं त्यायले बी कळेल की मनोजच्या घरून गोष्ट फुटते. यायले पत्र बी नका लिहू. हे वाचणार नाहीत, आणि वाचलं तर मले विचारतील की तूच सांगितलं काय असं लिहायले.

तुमचा अंक मी पुन्हा वाचला, पूर्ण. पोरीनं मोबाईलवर काढून दिला. बाकीचं चांगलं होतं, ताई. पाटबंधाऱ्याच्या फाइलचं तुमी तारखेवार लिहिलं, कोणत्या साहेबानं काय शेरा मारला ते लिहिलं, ते वाचून मले बी समजलं. फक्त आमच्या फुलाच्या ठिकाणी "समजते" आलं. कोणाले समजलं? मले तर नव्हतं समजलं. धम्मदीपले नव्हतं. तुमाले बी नव्हतं. तुमाले वाटलं होतं. मंग "मले वाटलं" असं काहून नाही लिहिलं?

लिहायचंच असेल तर इतकंच लिहा, की तुमाले कोणी काही सांगितलं नव्हतं. हे खरंच आहे. मी फुलाचं सांगितलं होतं, मंत्र्याचं नाही.

आणि माझं बी एक लिहिते. तुमी विचारलं तवा मले लय चांगलं वाटलं होतं. धम्मदीपले मी शब्द दिला होता, तरी लिहिलं. मले तुमाले दाखवायचं होतं की आता माझ्याकडं बी विचारण्यासारखं काही असते. एकटीच्या माथ्यावर घेऊन बसू नका.

हे अजून फोनबद्दल बोलत नाहीत. काल एका लग्नाची ऑर्डर यायनं बोलता बोलता चुकवली, मी ऐकून राहिली होती. शेवंती संपली असताना हो म्हणून बसले. मी काही बोलली नाही. तुमीच सांगा, बोलावं का?

मंजुषा


अमरावती, ६ डिसेंबर

प्रिय मंजू,

बोलावं. मनोज लहानपणापासून असाच आहे. चूक कुणी दाखवली की तोंड फिरवतो, आणि दुसऱ्या दिवशी ती दुरुस्त करतो. तू दाखव आणि मग त्याच्याकडे बघू नकोस.

परवा मी अकोल्याला गेले होते. डॉक्टरांनी आता दिवसातून थोडं बोलायला परवानगी दिली आहे, ती सगळी मी शेषरावांच्या बैठकीत खर्च केली. आवाज असा की मलाच ओळखू आला नाही. मी म्हटलं, बातमी चुकीची होती, मला कुणी दिली नव्हती, मी स्वतः ठरवली. त्यांनी चष्मा काढून पुसला. मला वाटलं होतं मुंबईच्या फोनबद्दल बोलतील, बदनामीबद्दल बोलतील. ते म्हणाले, "मंत्रिपदाचं सोडा, मॅडम. माय चार दिवस पेढे वाटून राहिली होती. ते कसे परत घेऊ मी?"

तेवढ्यात आतल्या दारातून आवाज आला.

"तूच काय ते फुलाची बातमी लिवनारी?"

पार्बताबाई, शेषरावांच्या आई. बारीक चणीच्या, नाकात मोठी नथ, हातात सोललेल्या लसणाचं ताट. मी हो म्हटलं.

"मंग फुलं कुठी गेली?"

शेषराव गडबडले. धम्मदीप खिडकीबाहेर बघायला लागला. त्या बाईंना अजून कुणी तुलेचं सांगितलंच नव्हतं, मंजू. मंत्रिपदाची बातमी खोटी, एवढंच सांगून सगळे मोकळे झाले होते. शेवटी आमदार साहेबांना भर बैठकीत आईपुढे कबूल करावं लागलं की आई, तुला फुलांनी तोलणार होतो, पण आता ते राहिलं. म्हातारी ताट खाली ठेवून लेकाकडे बघतच राहिली.

"मले तोलनार होता? आन् मी गावभर सांगतलं का पोरगा मंत्री होते." मग मला म्हणाल्या, "मंत्र्याची माय तं मले कोनी बी म्हनलं असतं. फुलानं तोलतो असं कोन म्हनते?"

त्यांनी तिथल्या तिथं धम्मदीपला बजावलं की फुलतुला होईल, चौदा तारखेला होईल, आणि फुलं ज्या बागेतली ठरली होती तिथलीच येतील. मी त्यात काही बोलले नाही, तुमचं नावही काढलं नाही. निघताना त्यांनी मला लसणाच्या दोन गड्ड्या दिल्या. का, ते विचारलं नाही.

कालच्या अंकात पहिल्या पानावर हे गेलं:

"तीन आठवड्यांपूर्वी अकोला जिल्ह्याला मंत्रिपद निश्चित असल्याचे समजते, असे येथे लिहिले होते. ते मला कोणीही सांगितले नव्हते. फुलांची एक मागणी कानावर आली, त्यावरून मी अंदाज केला आणि तो बातमी म्हणून छापला. ती फुले एका घरगुती प्रसंगाची होती. त्या घराची आणि आपली सर्वांची मी माफी मागते. यापुढे या पत्रात 'समजते' असणार नाही. माहीत असेल ते लिहीन, नसेल तिथे माहीत नाही असे लिहीन."

काही जणांनी नाव काढून घेतलं. एका ठेकेदारानं लिहिलं की माहीत नसलेलं वाचायला पैसे कोण देईल. एका प्राध्यापकांनी मात्र लगेच पुढच्या वर्षाची वर्गणी भरली आणि खाली लिहिलं, अंदाज ऐकायला आमच्याकडे चहाची टपरी आहे. पुढच्या वर्षी हे चालेल का, मला माहीत नाही. 

साधना


हिवरखेड, १६ डिसेंबर

साधनाताई,

हे पत्र कॅरेटातून येऊन राहिलं. पिशवीले गाठ यायनंच मारली. म्हणाले, कागद ओला होते.

तुमच्या सांगण्यावरून मी लग्नाच्या शेवंतीचं बोलली. तोंड फिरवलं, आणि दुसऱ्या दिवशी त्या लोकायले फोन करून झेंडूवर राजी केलं. मंग तुमचा माफीचा अंक मोबाईलवर काढला. पोरीनं मोठ्यानं वाचला, हे दोरी वळत बसले होते. चौदा तारखेले गाडी भरली, आणि निघायच्या वेळी म्हणाले, "मले तोडाई पाहा लागते. तूच जाय." तोडाई काही नव्हती, ताई, आदल्या दिवशीच झाली होती.

फुलतुला शेषरावच्या अंगणातच होती. मांडव नाही, माईक नाही. धान्य तोलायचा मोठा तराजू कुठून तरी आणला होता, त्याले तोरण बांधलं होतं. पार्बताबाई हिरवं लुगडं नेसून पारड्यात बसल्या, पाय पोटाशी घेऊन, लहान पोरीसारख्या. शेषराव स्वतः ओंजळीनं फुलं टाकून राहिले होते. आमची सगळी फुलं संपली आणि पारडं हललंच नाही. धम्मदीप घामानं ओला. वजन त्यानं मागच्या वर्षीच्या दवाखान्याच्या कागदावरून घेतलं होतं, आणि म्हाताऱ्या बाईनं यंदा अंग धरलं. पार्बताबाईच म्हणाल्या, "हे पेढ्याचं वजन आहे. चार दिवस वाटले तसे खाल्ले बी." तवा कुठं लोक हसले, शेषराव सगळ्यायच्या आधी. मी तराजूचं तोरण सोडलं, दाराचं सोडलं, शेजारच्या बायांनी अंगणातली फुलं तोडून आणली. कोणाची कण्हेर, कोणाची जास्वंद, एका बाईनं तर देवावरची उतरवून आणली. मंग हळूच पार्बताबाईचं पारडं वर उचललं गेलं. शेषराव रडून राहिले होते. आमदार रडताना मी पहिल्यांदाच पाहिला, आणि ते तुमाले लिहू का नको यावर काल दिवसभर विचार केला. त्यायच्या मायनं सगळ्यायसमोर त्यायचे डोळे पुसले, म्हणून लिहिलं. छापू नका.

घरी आली तर यायनं विचारलं, पुरली काय? मी म्हटलं, नाही पुरली. पुढच्या वेळी माणसाचं वजन ताजं विचारून घेईन. हे नुसते "हं" म्हणाले.

आज सकाळी आमी दोघं वावरात होतो. फोन यायच्या खिशात वाजला. यायनं काढला, कानाले लावला, थोडं ऐकलं. मी टोपलीकडं पाहत राहिली. मंग माझ्याकडं हात लांब करून फोनमधल्या माणसाले म्हणाले, "ऑर्डरचं तिले इचारा. मले वावरातलं इचारा."

मी पदराले हात पुसला आणि फोन घेतला. संध्याकाळ झाली, तो अजून माझ्याकडंच आहे.

ऑर्डर मोठी आहे, ताई, जानेवारीतली. कोणाची, ते नाही लिहीत.

तुमची,
मंजुषा